मास्तरांचा आवाज

जेवणं झाल्यावर मी जरा पाठ टेकते. झोपायचं नाहीच आहे. उन्हं उतरली की मला न्यायला गाडी येणार, आणि झोपेतून उठलेला चेहरा घेऊन स्टेजवर बसायची माझी इच्छा नाही. खाली बोळात पिठाची गिरणी चालू आहे. तिचा पट्टा फटफट करत फिरतो, तो आवाज खिडकीतून येतो, थोडा वेळ कानाशी घुटमळतो, मग आत शिरतो. माझे डोळे मिटलेले आहेत की उघडे, हे मला सांगता येत नाही. छताचा पंखा मात्र दिसतोय.

मग पलंगाच्या पायथ्याशी कुणीतरी बसतं. गादी त्या बाजूला दबते.

"निजलीस व्हय गं वच्छे?"

आबा आहेत. मला नवल वाटत नाही. आबांना जाऊन किती वर्षं लोटली हे मला माहीत आहे, ते माझ्या पायाशी बसलेत हेही माहीत आहे, आणि या दोन गोष्टींचं आपसात काही भांडण नाही.

"नाही आबा. नुसती पडलेय."

"पड, पड. उठू नगंस."

त्यांनी लांब काळा कोट घातलाय, खांद्यावर उपरणं, डोक्यावर काळी टोपी. कोटाची बटणं गळ्यापर्यंत लावलेली. उन्हाळ्यात हा कोट बघूनच मला घाम फुटतो.

"हे मास्तरांचे कपडे कशाला घातलेत?"

"आज ह्येच दावनार न्हवं का समद्यांस्नी?" आबा खाली बघत म्हणतात. "मग दुसरं काय घालू?"

म्हणजे त्यांना माहीत आहे. आज संध्याकाळी नाट्यगृहात त्यांच्या जन्मशताब्दीचा कार्यक्रम आहे. पडद्यावर, ज्या सिनेमात ते शाळामास्तर झाले होते त्यातला तो गाजलेला प्रसंग दाखवणार आहेत आणि नंतर मी बोलायचं आहे. बोलावणं द्यायला आलेली माणसं भली होती. ‘ताई, बाकी काही नाही बोललात तरी चालेल. त्यांच्या आवाजाबद्दल बोला,’ असं म्हणाली. मी हो म्हणाले, आणि तेव्हापासून भाषण लिहितेय आणि फाडतेय.

माझे वडील हिंदुराव इंगवले. जुने मराठी सिनेमे बघितलेल्यांना नाव सांगून पटकन कळत नाही, नाक सांगितलं की कळतं. कोल्हापुरात तालमीत कुस्ती खेळताना मोडलेलं आणि वाकडंच बसलेलं नाक. त्या नाकामुळे स्टुडिओवाल्यांनी त्यांना घेतलं, आणि त्या नाकामुळेच ते कधी पोस्टरवर आले नाहीत. पाटलाचा गडी, दरोडेखोराचा साथीदार, जमादार, खाष्ट मुनीम, पुढे केस पिकल्यावर नायिकेचा बाप. नायकाच्या हातचा मार खायचा, नाहीतर नायकासाठी मरायचं. दोन्ही ते जीव ओतून करायचे. रस्त्यात पोरं ‘ए जमादार!’ म्हणून ओरडायची आणि आबा हसून हात वर करायचे. त्यात त्यांना कधी कमीपणा वाटला नाही. कमीपणा आला तो मास्तरांच्या सिनेमानंतर, आणि जगाच्या लेखी तो सिनेमा म्हणजे त्यांचा सगळ्यात मोठा मान होता.

"चल," आबा म्हणतात, "पानी तापलं आसंल."

मी पलंगावरून पाय खाली टाकते तो ओल्या फरशीवर पडतो. आमच्या जुन्या घराची न्हाणी आहे. मी परकरात आहे, हातात टॉवेल आहे. धुरानं डोळे चुरचुरताहेत. आबा उघड्या अंगानं हंड्यासमोर बसलेत, टोपी मात्र तशीच डोक्यावर आहे.

"पा-णी," आबा म्हणतात. जीभ टाळूला लावून, थांबून. "लो-णी. वे-णी."

"आबा, येतंय की!"

"येतंय व्हय? पुन्यांदा ऐक. पा-नी." ते मांडीवर थाप मारतात. "घसरलं बघ."

असं ते महिनोन्‌ महिने करायचे. मास्तरांची भूमिका त्यांना मिळाली तेव्हा सगळ्या स्टुडिओला आश्चर्य वाटलं होतं. मोठा नट ऐनवेळी आजारी पडला, तारखा चुकवून चालणार नव्हतं, आणि दिग्दर्शकाला एकाएकी आबांचे डोळे आठवले. खेड्यातला म्हातारा शाळामास्तर, चोरी केलेल्या मुलाला शिक्षा न करता समोर बसवून दोन शब्द सांगतो, एवढाच मोठा प्रसंग. पण सगळा सिनेमा त्या प्रसंगावर उभा होता. मास्तर बोलणार शुद्ध, आणि आबांच्या तोंडात जन्मापासून ‘ण’ नव्हता. म्हणून ते शेजारच्या वकिलीणबाईंकडे जाऊन शिकले. ओट्यावर पाटी घेऊन बसायचे, त्या आतून भाजी चिरता चिरता चुका काढायच्या. एवढा थोराड माणूस, पण मुळीच लाजायचा नाही. त्या दिवसांत आमच्या घरात आबांच्या तोंडून जितका ‘ण’ ऐकला, तितका नंतर कधीच ऐकला नाही.

"त्या बाईंस्नी सांगशील का," आबा हंड्यातल्या पाण्यात बघत म्हणतात, "की म्या मेहनत क्येलीती?"

"त्या गेल्या आबा. केव्हाच."

"व्हय? मग भेटल्या कशा न्हाईत?"

मला हसू येतं, त्यांना येत नाही. न्हाणीतला धूर वाढत जातो आणि त्यातून एक उजेडाचा पट्टा आरपार जातो. फटफट आवाज येतोय. मी खुर्चीत बसले आहे. थेटर गच्च भरलंय. शेजारी आई, पलीकडे वकिलीणबाई, मागच्या रांगेत तालमीतले सगळे, गल्लीतल्या म्हाताऱ्या बायका, आणि माझ्या उजव्या हाताला आबा. सगळ्यांना त्यांनीच घरोघर जाऊन बोलावून आणलंय. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी आपला सिनेमा बघायला माणसं आणली आहेत.

पडद्यावर आबा आहेत. काळा कोट, काळी टोपी, तेच वाकडं नाक, पण किती मऊ दिसतंय ते. पोरगा समोर मान घालून बसलाय. मास्तर पाटी हातात घेतात, तळहातानं पुसतात, उजेडाकडे धरतात. डोळ्यांत पाणी उभं राहतं, पडत नाही. आणि मास्तर बोलतात,

"पाटी पुसता येते, बाळा. पण पुसलेलं दिसत राहतं."

काय तो ‘ण’. तुपात सोडल्यासारखा. माझी छाती भरून येते. आबांना जमलं! मी वळून त्यांच्याकडे बघते.

आबा पडद्याकडे बघत नाहीत. ते आपल्या गुडघ्यांकडे बघताहेत. हात खुर्चीच्या दांडीवर आवळलेला आहे, आणि ओठ हलताहेत. पडद्यावरचे ओठ हलतात तसेच, त्याच लयीत. पण पडद्यावरून येणारा आवाज खोल आहे, घंटेसारखा गोल आहे. माझ्या बापाचा आवाज तसा नाही. माझ्या बापाचा आवाज खरखरीत आहे, मैदानात हाका मारून चिरलेला.

लहानपणी मला हे कळायला सिनेमा संपेपर्यंत वेळ लागला होता. आता लगेच कळतं. शूटिंगमध्ये आबाच बोलले होते. नंतर कुणालातरी वाटलं की पडद्यावरचा मास्तर असा बोलून चालणार नाही, आणि त्यांच्या ओठांवर दुसऱ्याचा आवाज बसवला. आबांना सांगायचं कुणाच्या लक्षातही आलं नाही. दुय्यम भूमिका करणाऱ्याला कोण कळवतं?

"आबा," मी अंधारात कुजबुजते, "तुम्ही उठून का नाही गेलात?"

"कुठनं जाऊ?" आबा म्हणतात. "दोनी बाजूला गल्ली बसल्या."

दिवे लागतात. लोक उभे राहून टाळ्या वाजवताहेत. वकिलीणबाई पदरानं डोळे पुसत म्हणतात, "हिंदुराव, सार्थक केलंत हो माझं!" तालमीतला एक जण आबांच्या पाठीवर थाप मारतो. "आरं, काय बोल्लास मर्दा! वळखूच आला न्हाईस!" आबा हसतात. ते हसू मी लहानपणी बघितलं होतं, पण इतक्या जवळून नाही. ओठ वर गेलेत आणि डोळे दार शोधताहेत.

"तेव्हाच सांगायचं होतं," मी म्हणते. "अन्याय झाला तुमच्यावर."

"लोकं खूस हुती गं."

थाप मारणारा हात आता आबांच्या खांद्यावर शाल घालतोय. आम्ही खुर्च्यांवरून उठलेलो नाही, पण खुर्च्या स्टेजवर आहेत. समोर मांडव, पताका, झेंडूचे हार. गळ्यातल्या हारानं आबांची मान खाली गेली आहे. टोपी घातलेले एक गृहस्थ माइकसमोर उभे आहेत. "तालमीतल्या मातीतून अशी वाणी उमलावी," ते म्हणतात, "हा करवीरनगरीचा गौरव आहे. आज हा सत्कार हिंदुरावांच्या अभिनयाचा तर आहेच, पण त्याहून अधिक त्यांच्या वाणीचा आहे!"

टाळ्या. मी आबांच्या खुर्चीमागे उभी आहे. माझे केस पांढरे आहेत आणि परकर शाळेतला आहे.

"हिंदुराव," गृहस्थ वळून म्हणतात, "ते एक वाक्य होऊन जाऊ द्या!"

मांडवातून आरोळी उठते. पाटी! पाटी! आबा उठून उभे राहतात. माइकजवळ जातात. तोंड उघडतात. मग हळूच हात वर नेऊन गळ्यावर ठेवतात आणि मान हलवतात. घसा बसलाय. लोक हळहळतात आणि आणखी जोरात टाळ्या वाजवतात.

त्या दिवसापासून आबांचा घसा बसला तो बसलाच. लग्नात, जत्रेत, कुणी वाक्य म्हणायला सांगितलं की हात गळ्यावर. घरातही बोलणं कमी झालं. हाक मारायचे नाहीत, समोर येऊन उभे राहायचे. स्टुडिओत ते बिनबोलाच्या भूमिका मागून घ्यायला लागले. शेवटच्या सिनेमात मुका नोकर होते. समीक्षकांनी त्याचंही कौतुक केलं. ‘वाणीचा बादशहा मौनातही तितकाच समर्थ,’ असं काहीसं लिहून आलं होतं. ते आईनं वाचून दाखवलं तेव्हा आबा जेवत्या ताटावरून उठले. आई ‘काय झालं, काय झालं’ करत मागे गेली. तिला कधी समजलं नाही; ‘ण’ घोटून घोटून आवाजही बदलला, असंच ती आणि सगळी गल्ली धरून चालली. समजलं ते फक्त मला, आणि मी आयुष्यभर एकच समजत आले की माझ्या बापाचा आवाज कुणीतरी चोरला.

"तुमचा आवाज चोरला त्यांनी," मी हारांच्या वासात वाकून आबांच्या कानात म्हणते. "आज मी सांगणार आहे. सगळ्यांसमोर."

"माजा?" आबा वळतात. पहिल्यांदाच ते माझ्याकडे नीट बघतात. "माजं काय चोरलं? थोबाड माजंच हुतं की. मान मिळाला, शाल मिळाली. वच्छे, त्यो बघ. मागं."

मांडवाच्या शेवटी, बांबूला टेकून एक माणूस उभा आहे. काटकुळा, कोपरावर विरलेला बंद गळ्याचा कोट. सगळे थांबले तरी तो टाळ्या वाजवतोय.

"कोण आहे?"

"ज्येचा हार माज्या गळ्यात हाय, त्यो."

मी टाचा उंच करून त्याच्याकडे बघते.

"तुम्ही ओळखत होता त्यांना?"

"आवाज भरायच्या खोलीतल्या मानसानं लांबनं दावून नाव सांगिटलंतं. बंद पडल्याल्या नाटक कंपनीतला. पडद्याआडनं बोलायचं काम करायचा." आबा हार काढायचा प्रयत्न करतात, तो निघत नाही. "म्या त्येला बघितलं. त्येनं मला बघितलं. म्हनलं असतं की, ‘ह्यो बघा, ह्येचा आवाज हाय,’ तर काय झालं आसतं? लोकांस्नी वाक्यच ऐकायचं हुतं न्हवं? त्यो हुताच की तितं. म्या गळ्याला हात लावला."

मांडव रिकामा होतो. कुणी उठत नाही, कुणी जात नाही, नुसता रिकामा होतो. बांबूच्या जागी आमच्या घराच्या दाराची चौकट आहे आणि तो माणूस उंबऱ्याबाहेर उभा आहे. सकाळचं कोवळं ऊन आहे. ही सकाळ मला माहीत आहे. सत्काराच्या दुसऱ्या दिवशी असाच एक माणूस आला होता. मी आत पाटावर बसून भाकरी खात होते.

"हिंदुराव आहेत का घरी?" तो विचारतो.

मास्तरांचा आवाज. घंटेसारखा गोल. तेव्हा माझ्या हातातला घास तसाच राहिला होता. आबा माजघरात होते. त्यांनी आईला हातानं खूण केली, आणि आई दारात जाऊन म्हणाली, ‘घरी न्हाईत.’ माणूस पाणी प्यायला, भांडं उपडं ठेवलं, आणि गेला. पुन्हा कधी आला नाही. मला वाटत राहिलं की तो भांडायला आला असेल, नाहीतर काही मागायला.

आता आई नाही. दारात मीच उभी आहे.

"आहेत," मी म्हणते. "या ना, बसा. तुमचं काय काम होतं?"

तो अवघडतो. टोपी काढून हातात धरतो.

"काम असं नाही हो. मला आवाज बंद करून पडदा दाखवला होता, त्यावर मी बोललो. ओठांना ओठ जुळवायचे, बस. पण ते डोळे बघून माझ्याच्यानं पहिल्यांदा बोलवेना. हा माणूस हे वाक्य म्हणाला तरी कसं असेल, तेवढं ऐकायला आलो होतो. त्यांच्या तोंडून."

माझे कान तापतात. बापाची लाज वाटते, बापासाठी वाईट वाटतं, आणि कुठलं कुठं संपतं ते कळत नाही. माजघराच्या दारात आबा उभे आहेत. कोट नाही, टोपी नाही, साधं धोतर आणि बंडी. ते पुढे येतात. त्या माणसाच्या समोर उभे राहतात. त्याच्याकडे मान वर करून बघायला त्यांना वेळ लागतो.

"माज्यात ‘ण’ न्हाई," आबा म्हणतात.

"चालेल," तो माणूस म्हणतो.

आबा घसा खाकरतात. हात गळ्याकडे जातो, अर्ध्यातून परत येतो.

"पाटी पुसता येती, बाळा," आबा म्हणतात. आवाज फुटतो, सावरतो. "पन पुसल्यालं दिसत ऱ्हातंय."

तो माणूस डोळे मिटून ऐकतो. मग एकदाच मान हलवतो, जाणकार माणूस गाण्याला हलवतो तशी, टोपी डोक्यावर ठेवतो आणि उन्हात चालायला लागतो. त्याची पाठ लहान होत जाते.

"थांबवा की त्यांना, आबा!"

"आता कुठला थांबतोय." आबा उंबऱ्यावर टेकतात. "वच्छे, आज तू माज्या आवाजाचं कायबी बोलू नगंस. अन्याव-बिन्याव तर न्हाईच. तेवढं त्येचं नाव घे."

"मला नाव माहीत नाही."

"म्या सांगतो की."

ते वाकून माझ्या कानात नाव सांगतात. नाव आणि आडनाव. साधंच आहे, पण ऐकताना वाटतं की हे मी नेहमी ऐकत आले आहे. मी ते मोठ्यानं म्हणते. आबा म्हणतात, पुन्यांदा. मी पुन्हा म्हणते.

"इसरशील."

"नाही विसरणार."

"माजं आयुष्य गेलं त्ये इसरायला, तुला का वेळ लागनार हाय?" असं म्हणत ते माझ्या पदराचं टोक हातात घेतात. जाड बोटं आहेत, पण हळू चालतात. टोकाला पीळ देतात, फास करतात, दातांनी आवळतात. "खूनगाठ," आबा म्हणतात. "आता जा. पानी गार व्हतंय."

मी विचारणार आहे की कुठलं पाणी, पण गिरणी थांबते.

गिरणी थांबल्यामुळेच मी जागी होते. पंखा फिरतोय. खिडकीतलं ऊन पलंगावरून भिंतीवर गेलंय. माझी सून मृणाल दारात उभी आहे, केसांत गजरा माळत.

"आई, उठताय ना? गाडी आलीय खाली. मी दोनदा हाक मारली."

मी उठून बसते. तोंडात नाव आहे. नक्की आहे. जिभेच्या टोकाशी त्याचा आकार आहे. मी तोंड उघडते आणि ते विरघळतं. पहिलं अक्षरसुद्धा राहत नाही. मी डोळे मिटून पुन्हा त्या उंबऱ्यावर जाऊ बघते, पण तिथे आता नुसता पापण्यांचा लाल उजेड आहे.

"काय हो, काय झालं?" मृणाल जवळ येते. "बरं वाटत नाहीये का? आणि हे काय, पदराला गाठ कशानं पडली?"

मी खाली बघते. कार्यक्रमासाठी नेसून बसलेली साडी, तिच्या पदराच्या टोकाला बारीक, घट्ट गाठ आहे. कापड पिळून कडक झालंय.

"थांबा, सोडवते मी. चुरगळेल सगळा पदर."

"राहू दे."

"अहो आई, स्टेजवर बसायचंय."

"राहू दे म्हटलं ना." मी पदर हातात घेते. बरीच वर्षं घशात अडकलेलं वाक्य मी आधी या पोरीला म्हणून बघते. "मृणाल, मास्तरांच्या सिनेमातला तो आवाज आबांचा नव्हता."

ती गजऱ्यावरचा हात तसाच ठेवून माझ्याकडे बघत राहते. खालून गाडीचा हॉर्न वाजतो.

"मग कुणाचा होता?" ती विचारते.

मी गाठ चाचपत बसते.